शेतकऱ्यांनी कागदच का जाळले?

पुणे जिल्ह्यातील सुपे हे बाजाराचे गाव आज बारामती तालुक्यात आहे. पूर्वी ते भीमथडी तालुक्यात होते. १२ मे १८७५ रोजी, बाजाराच्या दिवशी, आसपासच्या गावांतले शेतकरी तेथे जमले आणि त्यांनी सावकारांच्या दुकानांवर चाल केली. त्यांची मुख्य मागणी वह्या आणि कर्जरोखे ताब्यात देण्याची होती. हाती आलेले कागद त्यांनी जाळले. काही ठिकाणी दुकाने लुटली गेली, घरांना आगी लागल्या. पुढच्या काही आठवड्यांत पुणे आणि अहमदनगर (आजचा अहिल्यानगर) जिल्ह्यांतील तीसहून अधिक गावांत असेच प्रकार घडले. सावकाराने कागद मुकाट्याने दिले, तर बहुतेक ठिकाणी त्याच्या अंगाला कोणी हात लावला नाही.

शालेय पुस्तकात या घटनेला ‘दख्खनचे दंगे’ असे नाव असते. ‘सावकारांच्या जुलमाला कंटाळून शेतकऱ्यांनी उठाव केला’ या एका वाक्यात ती संपते. वाक्य खोटे नाही, पण त्यातून बरेच प्रश्न सुटून जातात. सावकार तर पेशवाईतही होते, मग उठाव १८७५ सालीच का झाला? धान्याची कोठारे सोडून शेतकरी कागदांच्या मागे का लागले? आणि मुळात एवढे कर्ज झाले कशामुळे? या लेखात आपण हे प्रश्न क्रमाने पाहू. त्यासाठी थोडा भूगोल, थोडे मृदाशास्त्र आणि सातवी-आठवीतले चक्रवाढ व्याज एवढी सामग्री पुरेशी आहे.

पर्जन्यछायेतील शेती

दंग्याची गावे नकाशावर मांडली, तर ती भीमा आणि तिच्या उपनद्यांच्या खोऱ्यात, सह्याद्रीच्या पूर्वेला पडतात. महाबळेश्वरला वर्षाला साडेपाच हजार मिलिमीटरहून अधिक पाऊस पडतो. तेथून फार दूर नसलेल्या सुपे, इंदापूर, शिरूर, कर्जत या भागात तो पाचशे मिलिमीटरच्या आसपास असतो. शिवाय तो दरवर्षी सारखा नसतो. एखाद्या वर्षी भरपूर पडतो, पुढच्या वर्षी निम्माही पडत नाही.

येथील मुख्य पीक रब्बीची ज्वारी. परतीच्या पावसाने जमीन भिजली की सप्टेंबर-ऑक्टोबरात पेरणी होते आणि पुढे पीक जमिनीत साठलेल्या ओलीवरच वाढते. म्हणून येथे जमिनीच्या खोलीला फार महत्त्व आहे. काळी चिकणमाती पाणी धरून ठेवते. थर जितका जाड, तितकी ओल जास्त दिवस टिकते. मुरमाड जमिनीत पाणी राहत नाही आणि ज्वारी दाणा भरण्याआधीच वाळते. ज्याच्याकडे नदीकाठची काळी जमीन त्याला बऱ्यापैकी पीक, ज्याच्याकडे माळ त्याला बाजरी-मटकी मिळाली तर मिळाली, असा हा हिशेब होता. हस्ताचा पाऊस हुकला, तर मात्र काळ्या जमिनीचा धनीही माळकऱ्याच्या रांगेत येऊन बसे.

साऱ्याचे शास्त्र

१८१८मध्ये पेशवाई संपली आणि हा मुलूख कंपनी सरकारकडे आला. मुंबई इलाख्यात रयतवारी पद्धत रुजली. तीत मधल्या जमीनदाराऐवजी प्रत्येक शेतकऱ्याशी, प्रत्येक शेतापुरता सरकारचा थेट व्यवहार असे. मग प्रश्न आला की प्रत्येक शेताचा सारा ठरवायचा कसा?

पहिला मोठा प्रयत्न रॉबर्ट कीथ प्रिंगल या अधिकाऱ्याचा. १८२०च्या दशकात त्याने पुणे भागात पाहणी सुरू केली. इंग्लंडमध्ये त्या वेळी रिकार्डोचा खंडाचा सिद्धान्त नवा होता. त्याच्या आधारे प्रिंगलने ठरवले, की उत्पन्नातून लागवडीचा सगळा खर्च वजा करावा आणि उरलेल्या निव्वळ उत्पन्नाचे ५५ टक्के सरकारने घ्यावेत. कल्पना कागदावर नेटकी होती. पण निव्वळ उत्पन्न काढायचे, तर हजारो शेतांचे पीक, बी, बैल, मजुरी यांचे खरे आकडे हवेत. ते मिळवणारे हाताखालचे लोक अपुऱ्या तयारीचे होते, लाचही चालत होती. त्यातच १८३०च्या सुमारास धान्याचे भाव पडले. सारा झेपेना, तेव्हा लोकांनी जमिनी सोडल्या. इंदापूर तालुक्यात मोठा मुलूख पडीक झाला. शेतकऱ्याकडे तेव्हा एकच शस्त्र होते, गाव सोडून निघून जाण्याचे. ते त्याने वापरले.

१८३५च्या सुमारास गोल्डस्मिड आणि विंगेट या दोन अधिकाऱ्यांनी इंदापुरापासून नवी मोजणी सुरू केली. निव्वळ उत्पन्नाचा नाद त्यांनी सोडून दिला आणि जमिनीची प्रत तपासण्यावर भर दिला. त्यांची पद्धत विज्ञानाच्या शिक्षकांनी मुद्दाम पाहावी अशी आहे. मोजणीची साखळी ३३ फुटांची असे. साखळी लांब, साखळी रुंद एवढे क्षेत्र म्हणजे एक गुंठा, १०८९ चौरस फूट. असे ४० गुंठे म्हणजे एक एकर. मग शेताचे सारखे भाग पाडून प्रत्येक भागात जमीन खणून पाहायची आणि मातीची खोली हातांत मोजायची. उत्तम काळी माती पावणेदोन हात खोल असेल तर ती पहिल्या प्रतीची. खोली पाव-पाव हाताने कमी होईल, तशी प्रत उतरत जाई. चुनखडीचे खडे, वाळू, उतार, पाणी साचणे असे दोष आढळले, तर प्रत्येक दोषामागे प्रत एकेक पायरी खाली येई. एकूण नऊ प्रती होत्या. पहिलीची किंमत सोळा आणे, शेवटचीची दोन आणे. या मोजणीतून पडलेले ‘सर्व्हे नंबर’ सातबाऱ्याच्या उताऱ्यावर अजूनही आपल्या ओळखीचे आहेत.

नवे दर आधीपेक्षा हलके होते आणि तीस वर्षांसाठी कायम केले होते. इंदापुरात पडीक जमीन पुन्हा नांगराखाली आली. ही पद्धत प्रिंगलच्या पद्धतीपेक्षा चांगली होती, हे मान्य केले पाहिजे. मग अडचण कोठे आली?

सरासरीने पोट भरत नाही

मोजणीदाराने जमिनीची प्रत मोजली होती, पण पाऊस कोण मोजणार? तीस वर्षांचा दर ठरवताना चांगली-वाईट वर्षे एकत्र धरून सरासरी काढली जाई. मात्र सारा दरवर्षी, रोख रुपयांत आणि ठरल्या हप्त्यांनी भरायचा. पीक बुडाले की सूट मिळावी असे तत्त्व या पद्धतीत फारसे नव्हते. चांगल्या वर्षातली शिल्लक वाईट वर्षासाठी रयतेने राखून ठेवावी, अशी अपेक्षा होती. ज्याची जमीन थोडी, त्याच्याकडे चांगल्या वर्षीही शिल्लक उरत नाही, हे या हिशेबात आले नाही.

रोख साऱ्याचा आणखी एक परिणाम वर्गात गणिताने दाखवता येतो. समजा, एका शेतकऱ्याचा सारा वर्षाला २० रुपये आहे. (हा आकडा आम्ही निव्वळ कल्पनेने घेतलेला नाही. त्याचे कारण पुढे येईल.) ज्वारीचा भाव रुपयाला २० शेर असेल, तर सारा भरण्यासाठी ४०० शेर ज्वारी विकावी लागेल. भाव पडून रुपयाला ४० शेर झाला, तर ८०० शेर विकावी लागेल. शेराचे वजन गावोगाव वेगळे असे. येथे ८० तोळ्यांचा, म्हणजे सुमारे ९३० ग्रॅमचा शेर धरू. माणशी दिवसाला अर्धा किलो ज्वारी धरली, तर ४०० शेर म्हणजे दोन माणसांचे वर्षाचे अन्न आणि ८०० शेर म्हणजे चार माणसांचे. सरकारी दप्तरात साऱ्यात एका पैचीही वाढ दिसत नाही, पण घरातून दुप्पट दाणा जातो.

ज्या वर्षी सगळीकडे पीक चांगले, त्या वर्षी सगळेच सारा भरायला एकाच वेळी धान्य विकायला काढतात आणि भाव पडतो. दुष्काळात भाव चढतो, पण तेव्हा विकायला काही नसते. पीक आले तर भाव नाही आणि भाव आला तर पीक नाही. या फटीतून निघायचा एकच रस्ता शेतकऱ्याला ठाऊक होता. तो सावकाराच्या ओट्यावर जाई.

सावकार, कोर्ट आणि कर्जरोखा

जुन्या काळी सावकार दयाळू होते असे नव्हे. पण गावाला सांभाळून राहणे त्यांना भाग होते. कर्ज वसूल करायला गावचा पाटील आणि पंचायत यांचीच मदत लागे आणि शेतकऱ्याला गावाबाहेर हाकलून सावकाराचाही फायदा नव्हता. व्याज मुद्दलाच्या वर जाऊ नये, असा दामदुपटीचा नियम हिंदू धर्मशास्त्रात होता.

इंग्रजी अमलात दोन गोष्टी बदलल्या. एक तर नव्या मोजणीने शेतकऱ्याला जमिनीवर नोंदलेला आणि विकता येण्याजोगा हक्क मिळाला. सारा हलका झाल्याने जमिनीला किंमतही आली. ही रयतेची प्रगती म्हणता येईल, पण त्याबरोबरच जमीन गहाण ठेवण्याजोगी झाली. दुसरे म्हणजे दिवाणी कोर्टे आली. कोर्ट सहीचा किंवा अंगठ्याचा कागद पाहून निकाल देई. त्या कागदामागे खरोखर किती रुपये हातात पडले होते, हे पाहण्याचा रिवाज नव्हता. बहुतेक शेतकऱ्यांना अक्षरओळख नव्हती. समन्स मिळाले तरी दोन दिवस चालत तालुक्याला जायचे, वकील द्यायचा, हे त्यांना परवडत नसे. त्यामुळे असंख्य दावे एकतर्फी निकाली निघत. हुकूमनामा झाला की जप्ती, नाही तर तुरुंग. या धोक्याचा इशारा खुद्द विंगेट यांनी १८५२मध्ये सरकारला दिला होता.

१८५९मध्ये मुदतीचा कायदा आला. त्यानुसार साधा कर्जरोखा तीन वर्षांनी बाद होऊ लागला. व्याजाचे डोंगर साचू नयेत आणि रयतेला दिलासा मिळावा हा त्याचा हेतू होता. घडले उलटे. तीन वर्षे भरत आली की सावकार नवा रोखा लिहून मागे आणि त्यात थकलेले व्याज मुद्दलात मिळवलेले असे. मुदत शेतकऱ्याच्या सोयीची राहिली नाही, ती व्याजावर व्याज चढवण्याची तारीख झाली.

हे उदाहरण विद्यार्थ्यांकडून सोडवून घ्यावे. मुद्दल १०० रुपये, व्याज दरमहा २ टक्के, म्हणजे वर्षाला २४. तीन वर्षांनी रक्कम १७२ रुपये होते आणि तेवढ्याचा नवा रोखा होतो. सहा वर्षांनी २९६, नऊ वर्षांनी ५०९, बारा वर्षांनी ८७५. सरळ व्याजाने बारा वर्षांत ३८८ झाले असते. दामदुपटीच्या नियमाने तर २००च्या पलीकडे मागताच आले नसते. आता व्याज दरमहा ३ टक्के धरा. तीन वर्षांनी २०८, सहा वर्षांनी ४३३, नऊ वर्षांनी ९००, बारा वर्षांनी १८७२, पंधरा वर्षांनी ३८९३. दंग्यांनंतर नेमलेल्या चौकशी आयोगापुढे १०० रुपयांच्या कर्जावर २००० रुपयांहून अधिक व्याज घेतल्याचे एक प्रकरण आले होते. वरचे कोष्टक पाहिले, की ते अशक्य वाटत नाही.

रोख्याखेरीज इतरही कागद असत. कर्ज फिटेना, तेव्हा शेतकरी आपली गाडी आणि बैल सावकाराच्या नावे लिहून देई आणि तीच गाडी, तेच बैल भाड्याने घेऊन शेत कसे. भाड्याचाही वेगळा कागद होई. परतफेडीची पावती मात्र क्वचितच मिळे. त्यामुळे काय दिले, किती दिले, याचा पुरावा फक्त सावकाराच्या वहीत राही.

कापसाची चढती-पडती

या व्यवस्थेवर १८६०च्या दशकात एक लांबची लाट येऊन आदळली. इंग्लंडच्या गिरण्यांना लागणाऱ्या कापसापैकी सुमारे तीन चतुर्थांश कापूस अमेरिकेहून येई. १८६१मध्ये अमेरिकेत यादवी युद्ध पेटले आणि तो पुरवठा तुटला. मुंबईच्या कापसाला अचानक सोन्याचे मोल आले. मुंबईच्या निर्यातदारांनी शहरातल्या पेढीवाल्यांना, पेढीवाल्यांनी गावच्या सावकारांना आणि सावकारांनी शेतकऱ्यांना उचल दिली. कापसाचा मोठा पट्टा खानदेश-वऱ्हाडाचा, पण दख्खनच्या काळ्या जमिनीतही कापूस वाढला. धान्य महागले. भोर घाटातले रेल्वेचे काम १८५६ ते १८६३ या काळात चालले. त्यामुळे मजुरी आणि गाडीभाडेही मिळाले. मागेल त्याला कर्ज मिळू लागले.

१८६५मध्ये युद्ध संपले. कापसाचे भाव कोसळले, मुंबईतल्या सट्टेबाजांच्या कंपन्या बुडाल्या आणि उचलीची सगळी साखळी उलट्या दिशेने ओढली जाऊ लागली. निर्यातदाराने पेढीवाल्याकडे, पेढीवाल्याने सावकाराकडे आणि सावकाराने रयतेकडे तगादा लावला. लिव्हरपूलचा बाजार ज्याने नावानेही ऐकला नव्हता, त्या माणसाच्या दाराशी त्या बाजारातली मंदी येऊन पोचली.

नेमक्या याच वेळी तीस वर्षांची मुदत भरली. इंदापुरापासून फेरमोजणी सुरू झाली आणि तेजीच्या काळातले भाव डोळ्यांपुढे ठेवून नवे दर लावले गेले. काही ठिकाणी ही वाढ ५० ते १०० टक्के होती. नवा सारा जारी होईपर्यंत भाव उतरू लागले होते. ओरड फार झाली, तेव्हा १८७४मध्ये सरकारने वाढीला मर्यादा घातली. पण तोवर सावकारांनीही हात आखडता घेतला होता. साऱ्यासाठीसुद्धा उसने मिळेना.

कर्डे ते सुपे

ठिणगी शिरूर तालुक्यातील कर्डे गावी पडली. काळूराम नावाच्या सावकाराने बाबासाहेब देशमुख यांच्याविरुद्ध हुकूमनामा मिळवला, लिलावात त्यांचे घर आणि जमीन १५० रुपयांना घेतली आणि घर पाडायला काढले. देशमुख गावातले वजनदार गृहस्थ होते. त्यांची ही गत, तर आपले काय, असे इतरांना वाटले असल्यास नवल नाही. डिसेंबर १८७४मध्ये गावाने सावकारांवर बहिष्कार टाकला. त्यांची शेते कसायची नाहीत, पाणी भरायचे नाही, न्हाव्याने हजामत करायची नाही, गाडी भाड्याने द्यायची नाही, असे ठरले. बहिष्काराचे हे लोण आसपासच्या गावांत गेले. पाच महिन्यांनी सुप्याचा बाजार पेटला.

आता कागदांचा अर्थ लागतो. धान्य लुटले तर चार महिन्यांची सोय होते. कागद राहिला, तर मुलाच्या, नातवाच्या काळातही कोर्ट त्याच कागदावर निकाल देणार. जमीन, बैल, घर आणि पुढच्या वर्षांचे कष्ट, सारे त्या कागदांत अडकले होते. ज्यांना तो वाचता येत नव्हता, त्यांना त्याची ताकद मात्र पुरती समजली होती.

हा उठाव सगळ्या सावकारांविरुद्ध सारखा नव्हता, हेही सांगितले पाहिजे. रोख मुख्यतः बाहेरून आलेल्या मारवाडी आणि गुजर सावकारांवर होता. स्थानिक ब्राह्मण सावकार बहुतेक ठिकाणी वाचले. गावाबाहेरच्यावर राग काढणे सोपे असते. उठाव किती मोठा होता, यावरही इतिहासकारांत एकमत नाही. नील चार्ल्सवर्थ यांनी १९७२मध्ये असे मांडले, की त्याचे महत्त्व फुगवून सांगितले गेले आहे.

सरकारने फौज आणि पोलीस धाडले. दोन्ही जिल्ह्यांत मिळून ९५१ जणांना अटक झाली. त्यांपैकी ५०१ जणांना शिक्षा झाल्या.

चौकशीचे उत्तर

मग चौकशी आयोग बसला. त्याचा अहवाल १८७८मध्ये ब्रिटिश पार्लमेंटपुढे गेला. गावोगावच्या जबान्या, कर्जाचे तपशील, भावांचे आकडे असे मोलाचे साहित्य त्यात आहे. अहमदनगर जिल्ह्यातील बारा गावे तपासली, तेव्हा सुमारे एक तृतीयांश खातेदार कर्जबाजारी आढळले. त्यांचे कर्ज दरडोई सरासरी ३७१ रुपये, म्हणजे त्यांच्या वार्षिक साऱ्याच्या सुमारे अठरापट होते. ३७१ला १८ने भागले, तर साडेवीस रुपये येतात. वर २० रुपये साऱ्याचे उदाहरण घेतले ते यामुळेच.

याच आकड्यांवर आणखी विचार करू. ३७१ रुपयांवर वर्षाला २४ टक्के दराने ८९ रुपये व्याज होते. ते साऱ्याच्या चौपटीहून अधिक आहे. १२ टक्के धरले, तरी साडेचव्वेचाळीस, म्हणजे दुपटीहून जास्त. मग आयोगाने दोष सावकारावर टाकला, यात चूक काय? सारा हे दंग्यांचे कारण नाही असे आयोगाचे मत पडले. त्याला एक आधारही होता. अहमदनगर जिल्ह्यात फेरमोजणीची वाढ अजून लागू झाली नव्हती, तरी दंगे तेथेही झाले.

पण व्याज जास्त असणे ही एक गोष्ट आणि कर्ज मुळात काढावे लागणे ही दुसरी. विहिरीत पडलेला माणूस पाण्याने बुडतो हे खरे, पण तो विहिरीच्या काठावर कसा आला, हेही विचारावे लागते. आयोगाचेच एक सदस्य ऑकलंड कॉल्विन यांनी वेगळे टिपण लिहून साऱ्याच्या ताठर पद्धतीकडे आणि वाढीव दरांकडे बोट दाखवले. पुण्याच्या सार्वजनिक सभेनेही दंग्यांआधीच साऱ्याच्या ओझ्याबद्दल आवाज उठवला होता. शेतकरी लग्नकार्यात उधळतो म्हणून कर्जबाजारी होतो, हे त्या काळातले आवडते स्पष्टीकरण होते. लग्नाचा खर्च होई, पण तो कधीतरी. सारा दरवर्षी असे.

अहवाल तयार होत असतानाच १८७६ ते १८७८चा भीषण दुष्काळ पडला. सरकारी दुष्काळी कामांवर रिचर्ड टेंपल यांच्या धोरणाने माणसाला दिवसाला एक पौंड धान्य आणि वर थोडे पैसे, असे मजुरीचे माप पडले. एक पौंड म्हणजे सुमारे ४५० ग्रॅम. ज्वारीच्या हिशेबाने त्यातून सोळाशेच्या आसपास किलोकॅलरी मिळतात. दिवसभर खडी फोडणाऱ्या किंवा माती वाहणाऱ्या पुरुषाला तीन हजारांहून अधिक लागतात. मद्रास इलाख्यातील आरोग्य अधिकारी डॉ. विल्यम कॉर्निश यांनी या शिध्याला तेव्हाच हरकत घेतली होती. आमच्या भागात हजारो मजूर कामे सोडून निघून गेले. दुष्काळ संपला, तेव्हा रोखे पुन्हा लिहिले जाऊ लागले.

कायदा आणि त्याच्या पळवाटा

१८७९मध्ये ‘दख्खन शेतकरी साहाय्य कायदा’ झाला. तो पुणे, अहमदनगर, सातारा आणि सोलापूर या चार जिल्ह्यांना लागू होता. कोर्टाने रोख्याच्या मागे जाऊन व्यवहाराचा मूळ इतिहास तपासावा, व्याज मुद्दलाच्या वर जाऊ देऊ नये, कर्जासाठी शेतकऱ्याला तुरुंगात टाकू नये, सावकाराने पावती आणि हिशेब द्यावा, गावपातळीवर कागदांची नोंदणी व्हावी, अशा तरतुदी त्यात होत्या. जाळलेल्या कागदांनी एवढे साधले, असे म्हणायला हरकत नाही.

पण सावकारांनी लवकरच वाट काढली. गहाणखताऐवजी ते थेट खरेदीखत लिहून घेऊ लागले. पैसे फेडल्यावर जमीन परत देऊ, हा करार तोंडी राही. दुसरे म्हणजे कोर्ट कडक झाल्याने छोट्या शेतकऱ्याला कर्ज मिळणेच कठीण झाले. कायद्याने कागद सुधारला. पाऊस, भाव आणि साऱ्याची तारीख ही तिन्ही होती तशीच राहिली आणि स्वस्त कर्जाची दुसरी सोय कोणी केली नव्हती. सहकारी पतपेढ्यांचा कायदा यायला १९०४ साल उजाडले.

या सगळ्याकडे शेतकऱ्याच्या बाजूने पाहणारे पुस्तक म्हणजे जोतीराव फुले यांचे ‘शेतकऱ्याचा असूड’. ते १८८३मध्ये लिहिले गेले. फुल्यांनी फक्त सावकाराला धरले नाही. सारा आणि निरनिराळे कर, कोर्टकचेऱ्यांतील लाच, भटभिक्षुकांचा विधींचा खर्च, जंगलखात्याने बंद केलेली गायराने आणि या सर्वांच्या मुळाशी असलेली निरक्षरता, अशी पूर्ण साखळी त्यांनी मांडली. जंगलांचा नवा कायदा १८७८चा. चराई गेली की जनावरे घटतात, जनावरे घटली की शेणखत घटते आणि खत घटले की त्याच जमिनीचे पीक उतरते. सोळा आण्यांची प्रत दप्तरात मात्र सोळा आणेच राहते.

वर्गात काय करता येईल

या विषयावर फार खर्च न करता बरेच काम करता येते. विद्यार्थ्यांनी शेताच्या कडेला, विहिरीच्या कापात किंवा ओढ्याच्या काठाला मातीचा थर हाताने मोजावा, खाली मुरूम कोठे लागतो ते पाहावे आणि गोल्डस्मिड-विंगेटच्या रीतीने त्या जमिनीला किती आणे पडतील, ते ठरवावे. दोन गटांचे आकडे जुळतात का, हेही पाहावे. मोजमापातली माणसाची अटकळ किती असते, ते त्यातून कळते. तालुक्याच्या पावसाचे गेल्या तीस वर्षांचे आकडे मिळाले, तर त्यांची सरासरी काढावी आणि सरासरीच्या जवळ किती वर्षे आली, ते मोजावे. चक्रवाढीचे कोष्टक वर दिलेच आहे. व्याजाचा दर बदलून ते पुन्हा करून पाहता येईल.

शेवटी एक प्रश्न वर्गापुढे जरूर ठेवावा. सारा कमी हवा की माफक पण पिकाप्रमाणे बदलणारा हवा, असे १८७५मध्ये सुप्याच्या शेतकऱ्याला विचारले असते, तर त्याने काय सांगितले असते? मुले दोन्ही बाजूंनी बोलतील. आम्हाला वाटते, बोलताना त्यांनी आकडे मांडावेत, एवढी अट घालावी. त्या शेतकऱ्याची बाजू आकड्यांत मांडणारे तेव्हा फार थोडे होते.